घरच्या रुमालातील ज्ञानेश्वरीची हस्तलिखित प्रत आणि जुन्या पोथ्या : काळ कसा ठरवावा, पुढे काय करावे?

कृष्णाकाठ (प्रश्नकर्ता)

नमस्कार.

सातारा जिल्ह्यातील आमच्या मूळ घराची वाटणी झाली असून घर आता विक्रीस निघाले आहे. देवघराच्या भिंतीतील फडताळात लाल कापडात बांधलेला पोथ्यांचा एक रुमाल होता. तो कोणालाच नको असल्यामुळे माझ्याकडे आला. त्यात काय आहे हे जेवढे मला समजले तेवढे लिहितो आणि जाणकारांचे मार्गदर्शन मागतो.

सर्वांत मोठी पोथी ज्ञानेश्वरीची आहे. आडवी सुटी पत्रे दोन लाकडी फळ्यांमध्ये ठेवलेली आहेत. मजकूर काळ्या शाईने लिहिला असून ओव्यांचे आकडे व अध्यायसमाप्तीच्या ओळी तांबड्या शाईत आहेत. काही ठिकाणी चुकलेल्या अक्षरांवर पिवळा लेप देऊन वर नवे अक्षर लिहिलेले दिसते. पहिल्या पत्रावर गणपती आणि शारदा यांची रंगीत चित्रे आहेत. अखेरच्या पत्रावर ‘शके बाराशतें बारोत्तरें’ ही ओवी आहे, तिच्यानंतर ‘श्रीशके पंधराशें साहोत्तरीं । तारणनामसंवत्सरीं’ अशी ओवी आहे, आणि त्याखाली एक स्वतंत्र ओळ आहे. या ओळीत ‘शके १६’ एवढे वाचता येते, पुढचा आकडा कसरीने खाल्ला आहे, त्यानंतर ‘८ दुर्मुखनाम संवत्सरे कार्तिक शुद्ध ११ भृगुवासरे’ असे आहे. लिहिणाऱ्याचे नाव कोणीतरी खरवडून काढले आहे. आमच्या नात्यातील एका वडीलधाऱ्यांचे म्हणणे असे की, ही प्रत शके १५०६ ची, म्हणजे खुद्द एकनाथांच्या काळातील आहे.

दुसरी वस्तू म्हणजे तळहाताएवढी, दोऱ्याने शिवलेली, कातड्याचे वेष्टन असलेली एक वही. तिच्यातील अक्षरे बाळबोध वळणाची वाटतात, पण वाचू गेल्यास एकही शब्द लागत नाही. उरलेल्या पोथ्या हरिविजय, पांडवप्रताप अशा आहेत. त्यांतील काही छापील आहेत की हाताने लिहिलेल्या, हे मला खात्रीने सांगता येत नाही.

जुन्या वस्तूंच्या एका व्यापाऱ्याने छायाचित्रे पाहून फक्त चित्रांचे पहिले पत्र आणि ती छोटी वही घेण्याची तयारी दाखवली आहे. बाकीच्या पोथ्यांना बाजार नाही, असे त्याचे मत आहे. त्याला काय उत्तर द्यावे?

पाठपोट

आपण अखेरच्या पत्राचे वर्णन काळजीपूर्वक दिले आहे, त्यामुळे बरेचसे काम सोपे झाले. त्या पत्रावर तीन शक आहेत आणि तिघांचे अर्थ वेगळे आहेत. शके १२१२ हा ग्रंथरचनेचा काळ आहे. शके १५०६, म्हणजे इ. स. १५८४, हा एकनाथ महाराजांनी ग्रंथ प्रतिशुद्ध केल्याचा काळ आहे. या दोन्ही ओव्या आता ग्रंथाचाच भाग झाल्या आहेत, त्यामुळे नाथांच्या पाठावरून उतरलेल्या प्रत्येक प्रतीत त्या येतात. कालपरवा उतरलेल्या प्रतीतही त्या येतील. आपल्या हातातील कागदावर शाई कधी उमटली, हे फक्त तिसरी ओळ सांगते. ज्ञानेश्वरीच्या बाबतीत ‘आमच्याकडे नाथांच्या वेळची प्रत आहे’ असे म्हणणारे मला वारंवार भेटतात आणि बहुतेकांनी दुसऱ्या ओवीवरच बोट ठेवलेले असते. हरिविजयाच्या पोथीतही असेच होते. श्रीधरांनी ग्रंथ पुरा केल्याचा शके १६२४ हा काळ ग्रंथातच आलेला असतो आणि तो पोथीच्या माथी मारला जातो.

आता तिसऱ्या ओळीकडे वळू. दक्षिणेकडील रीतीने शकात १२ मिळवून ६० ने भागावे. उरेल तितवे संवत्सर प्रभवापासून, म्हणजे साठ नावांच्या चक्रातील पहिल्या नावापासून, मोजावे. नाथांच्या ओवीवर हे ताडून पाहा : १५०६ अधिक १२ म्हणजे १५१८, बाकी १८ उरते आणि अठरावे संवत्सर तारण आहे. दुर्मुख तिसावे आहे. ‘१६’ ने सुरू होणाऱ्या व ‘८’ ने संपणाऱ्या शकांपैकी १६३८ आणि १६९८ या दोहोंनाच बाकी ३० येते. म्हणजे आपली पोथी इ. स. १७१६ ची तरी असेल किंवा १७७६ ची तरी. या दोन शकांत एका संवत्सरचक्राचे, साठ वर्षांचे, अंतर असल्यामुळे नुसत्या संवत्सराच्या नावावरून पुढे जाता येणार नाही. मात्र लेखकाने तिथी व वार दोन्ही दिले आहेत, हे आपले भाग्य म्हणायचे. स्वामिकन्नू पिल्लै यांचे इ. स. ७०० ते १७९९ पर्यंतचे तिथिवारांचे तक्ते मोठ्या ग्रंथालयांत मिळतात. दोन्ही वर्षांची कार्तिक शुद्ध एकादशी काढून ती कोणत्या वर्षी भृगुवासरी, म्हणजे शुक्रवारी, येते हे पाहावे. लेखकाचीच चूक झाली असण्याची शक्यता नेहमी उरते, तरीही ही कसोटी सोडू नये.

अक्षरवळणही पाहावे. ‘के’ किंवा ‘दे’ लिहिताना मात्रा अक्षराच्या डोक्यावर न देता त्याच्या आधी उभ्या रेघेसारखी दिली असेल, तर ती पृष्ठमात्रा होय. ती जुन्या प्रतींत आढळते. अर्थात एखादा लेखक समोरच्या जुन्या प्रतीचे वळणही गिरवतो, म्हणून या पुराव्याला एकट्याने फारसे वजन देऊ नये.

आपल्या प्रतीचे महत्त्व केवळ तिच्या वयावर ठरणार नाही, हेही सांगणे आवश्यक आहे. वि. का. राजवाडे यांनी १९०९ मध्ये एकनाथपूर्व म्हणून एका प्रतीवरून ज्ञानेश्वरी प्रसिद्ध केली, तेव्हापासून नाथांच्या आधीचा पाठ कोणता हा वाद चालू आहे. आपली प्रत नाथांच्या पाठाची आहे, तेव्हा त्या वादात ती थेट साक्ष देणार नाही. पण समासात कोठे पाठभेद टिपले आहेत का, एखादी ओवी आकडा न देता मध्येच घातली आहे का, चुका झाकणाऱ्या पिवळ्या लेपाखाली, म्हणजे हरताळाखाली, आधी काय लिहिले होते, या गोष्टी पाहण्यासारख्या आहेत. ‘ज्ञानेश्वरीपाठीं जो ओंवी करील मऱ्हाटी’ त्याने अमृताच्या ताटी नरोटी (करवंटी) ठेवली, असे नाथांनी बजावून ठेवले. तसे बजावण्याची गरज पडली, याचा अर्थ ओव्या घालणारे होते. हरताळाखालचे अक्षर तिरप्या उजेडात कधी कधी दिसते. हरताळ खरवडून पाहण्याचा मोह मात्र कृपया टाळावा, कारण त्यात सोमलाचा अंश असतो आणि तो हाताला लागलेला बरा नव्हे.

लिहिणाऱ्याचे नाव खरवडले आहे, हे मला अधिक कुतूहलाचे वाटते. पोथी एका घरातून दुसऱ्या घरी गेली की असे करीत. त्या जागेचे छायाचित्र निरनिराळ्या कोनांतून घेऊन ठेवा.

रिद्धपूरवासी

छोट्या वहीविषयी लिहितो. तिचे छायाचित्र मी पाहिलेले नाही, त्यामुळे निर्णय देत नाही. तथापि शिवलेली छोटी वही, कातड्याचे वेष्टन आणि बाळबोध वाटूनही न लागणारी अक्षरे, एवढी लक्षणे एकत्र आली की पहिला विचार महानुभाव पंथाच्या पोथीचा करावा. पंथातील ग्रंथ सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत लिहिले जात. त्यांत काही अक्षरांच्या जागी दुसरी अक्षरे किंवा वेगळी चिन्हे योजलेली असतात. सकळ लिपीचा उगम रवळोबास यांच्याकडे दिला जातो. पंथाबाहेरच्या अभ्यासकांना या ग्रंथांचे वाचन विसाव्या शतकाच्या आरंभी साधले. त्याआधी पंथाचे प्रवर्तक चक्रधर स्वामी यांच्या लीळा, सूत्रपाठ आणि महदंबेचे धवळे यांसारखे मराठीतील अगदी आरंभीचे वाङ्मय मठांच्या पेट्यांत असूनही बाहेरच्या मराठी वाचकाला ठाऊक नव्हते.

आपले घर महानुभाव नसेल, तर ही वही तेथे कशी आली असा प्रश्न पडेल. अशा वह्या लग्नसंबंधातून, शेजारातून, कधी ठेव म्हणून फिरत असत. महानुभावांच्या पोथ्या मराठी मुलखापुरत्याही राहिल्या नाहीत. पंजाबात जयकृष्णी म्हणून ओळखल्या जाणाऱ्या त्यांच्या अनुयायांनी त्या पार काबुलापर्यंत नेल्या होत्या.

वहीच्या किमतीविषयी बोलण्याआधी एक गोष्ट लक्षात घ्यावी. म्हाइंभटांनी सिद्ध केलेली लीळाचरित्राची, म्हणजे चक्रधरांच्या लीळांच्या ग्रंथाची, मूळ प्रत धाडीत नाहीशी झाली आणि पुढे शिष्यांनी आठवणीवरून लीळा पुन्हा जुळवल्या, अशी पंथाची परंपरा आहे. त्यामुळे लीळाचरित्राचे एकाहून अधिक पाठ आहेत आणि एका पाठात असलेली लीळा दुसऱ्यात नसते किंवा वेगळ्या शब्दांत असते. अशा ग्रंथाची फाटकी, अपुरी वहीदेखील पाठाच्या अभ्यासकाला हवी असते. उलट ती नित्यपाठाची, स्मरणाची किंवा एखाद्या आरतीसंग्रहाची वहीही निघू शकेल, म्हणून फार आशाही बाळगू नये.

माझी एक विनंती आहे. पंथीयांच्या दृष्टीने ही शास्त्रपोथी आहे, शोभेची वस्तू नाही. तिची पाने समाजमाध्यमांवर टाकून ‘ओळखा पाहू’ असे करण्यापेक्षा अमरावती जिल्ह्यात रिद्धपूर येथे किंवा आपल्या जवळच्या एखाद्या मठात जाऊन महंतांना ती दाखवावी. सकळ लिपी वाचणारे उपदेशी (पंथाचा उपदेश घेतलेले अनुयायी) आजही आहेत आणि ते दोन ओळींत सांगतील की हे काय आहे. आता मराठी भाषा विद्यापीठही रिद्धपुरालाच स्थापन झाले आहे, तेथेही विचारणा करता येईल.

शिळाछाप

छापील की हस्तलिखित, हा आपला प्रश्न वाटतो तितका भाबडा नाही. एकोणिसाव्या शतकातील शिळाछापाच्या पोथ्या हस्तलिखितासारख्या दिसाव्यात म्हणून मुद्दाम तशा काढल्या जात. आडवी सुटी पत्रे, दोन्ही बाजूंना रेघा ओढलेले समास, पाठीमागे पत्रांक, मुखपृष्ठ नाही, सगळे पोथीप्रमाणेच असे. आधी एखादा सुवाच्य अक्षराचा लेखक विशिष्ट शाईने मजकूर लिही, तो दगडावर उतरवला जाई आणि त्यावरून छाप निघत. म्हणून एकाच पानावर दोन ‘क’ तंतोतंत सारखे मिळणार नाहीत आणि खिळ्यांच्या, म्हणजे धातूच्या सुट्या अक्षरांच्या, छपाईची ओळखीची खूण हाती लागणार नाही.

एक साधे भिंग घ्या. बोरूने लिहिलेल्या पानात शाई एकसारखी नसते. बोरू दौतीत बुडवल्यावर पहिली चार-सहा अक्षरे गडद, मग हळूहळू फिकी, मग पुन्हा एकदम गडद, अशी लाट ओळीभर दिसते. अक्षराच्या शेवटी, जिथे बोरू उचलला, तिथे शाईचा बारीक थेंब साचून वाळलेला असतो. शिळाछापात काळेपणा पानभर सारखाच असतो आणि शाई कागदावर सपाट बसलेली दिसते. पानाच्या पाठीवरून बोट फिरवल्यास खिळ्यांच्या छपाईत जसा दाब जाणवतो, तसा इथे जाणवत नाही. ओव्यांचे आकडे तांबडे असतील, तर ते बहुधा हाताने भरलेले असतात. त्यामुळे अर्धे पान छापील व अर्धे हाताचे, असाही प्रकार भेटतो.

छापखान्याचे नाव शोधण्यासाठी शेवटचे पत्र पाहा. मुंबईत गणपत कृष्णाजी यांनी १८३१ मध्ये शके १७५३ चे पंचांग शिळाप्रेसवर छापले, तेव्हापासून या धंद्याला आपल्याकडे बरकत आली. छापाच्या शाईत चरबी असते म्हणून सोवळ्यातील मंडळी छापील पोथीला हात लावीत नसत आणि त्यावर तोड म्हणून त्यांनी तुपाची शाई वापरली, असे सांगतात. बाळशास्त्री जांभेकरांनी ज्ञानेश्वरी १८४५ मध्ये शिळाछापावरच प्रसिद्ध केली. जावजी दादाजींचे निर्णयसागर १८६९ मध्ये सुरू झाले आणि त्यांच्या सुरेख खिळ्यांपुढे शिळाछाप हळूहळू मागे पडला. म्हणून आपल्या पोथ्यांवर शके १७५३ ते १७९० च्या आसपासचा काळ असेल, तर त्या नीट जपाव्यात. त्यानंतरच्या हरिविजय-पांडवप्रतापाच्या प्रती पुष्कळ निघाल्या आणि पुष्कळ उरल्याही आहेत.

व्यापाऱ्याचे ‘बाकीच्यांना बाजार नाही’ हे म्हणणे खरे असेलही, पण बाजार नसणे आणि दुर्मिळ नसणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. शिळाछापाच्या आरंभीच्या पोथ्या नित्यवाचनात झिजल्या आणि जीर्ण झाल्यावर नदीत सोडल्या गेल्या. संग्राहकांना चित्रांची हौस असते, संस्थांना हस्तलिखिते हवी असतात. मधल्या मध्ये या पोथ्यांना कोणी वाली नाही. माझ्या मते मराठीच्या मुद्रणाच्या इतिहासातील हे सर्वांत दुर्लक्षित पान आहे. हे मत एकांगी आहे, असे आमच्या मित्रमंडळींत मला नेहमी ऐकावे लागते, आणि ते ऐकूनही मी ते बदललेले नाही.

कृष्णाकाठ (प्रश्नकर्ता)

सर्वांचे मनःपूर्वक आभार. जिल्ह्याच्या गावी एका ग्रंथालयात तक्ते मिळाले. शके १६३८ मध्ये ती एकादशी शुक्रवारी येत नाही, त्यामुळे १६९८ उरतो. वडीलधाऱ्यांना हे सांगितल्यावर ते थोडे नाराज झाले, पण पोथी सवाई माधवरावांच्या काळातील आहे हे कळल्यावर त्यांचे समाधान झाले. ‘पांडवप्रताप’ भिंगाखाली पाहिला. काळेपणा सर्वत्र सारखा आहे, तेव्हा तो शिळाछाप असावा. हरिविजयाच्या दोन प्रतींपैकी एकीत मात्र आपण सांगितलेली गडद-फिकी लाट स्पष्ट दिसते.

आता पोथ्या घरी ठेवाव्यात की संस्थेला द्याव्यात, आणि घरी ठेवायच्या तर कशा, एवढेच विचारतो. एका संस्थेकडे मी पत्र पाठवले होते, त्याचे उत्तर आलेले नाही.

साष्टीकर

देण्या-न देण्याच्या प्रश्नावर गोव्याकडचे एक उदाहरण उपयोगी पडेल, म्हणून लिहितो.

फादर थॉमस स्टीफन्स १५७९ मध्ये गोव्यात आले. त्यांनी मराठीत ओवीबद्ध रचलेले ‘क्रिस्तपुराण’ १६१६ मध्ये साष्टीतील राचोल येथे रोमन लिपीत छापले गेले. सुमारे ११ हजार ओव्यांचा हा ग्रंथ पुढे १६४९ व १६५४ मध्ये पुन्हा छापला गेला. या तिन्ही छापील आवृत्त्यांपैकी एकही प्रत आजवर सापडलेली नाही. १६८४ मध्ये पोर्तुगीज सरकारने स्थानिक भाषेच्या वापरावर बंदी घातली, त्याआधी व नंतरही इकडच्या भाषांतील ग्रंथांवर अनेक आघात झाले. दमट हवेने आणि वाळवीने आपले काम केलेच. ग्रंथ वाचला तो ख्रिस्ती घराण्यांनी हाताने उतरून ठेवलेल्या प्रतींमुळे. लेंटच्या उपवासकाळात त्यातील भाग घरोघर, देवळोदेवळी गायले जात. मंगळूरकडे स्थलांतरित झालेल्या कुटुंबांकडे अशा प्रती पिढ्यान्‌पिढ्या होत्या आणि त्यांच्याच आधारे जोसेफ साल्ढाणा यांनी १९०७ मध्ये मंगळूरला हा ग्रंथ पुन्हा छापला. देवनागरीतील एक प्रत विल्यम मार्सडेन यांच्या संग्रहातून लंडनला गेली आणि तेथे ती सुरक्षित आहे. मार्सडेन यांनी ती जमवली नसती तर क्रिस्तपुराणाच्या देवनागरी रूपाविषयी आज आपण बोलूही शकलो नसतो.

म्हणजे घराने सांभाळले म्हणूनही ग्रंथ टिकला आणि परक्या संग्राहकाने नेला म्हणूनही टिकला. छापखान्याच्या तीन आवृत्त्या मात्र टिकल्या नाहीत. यावरून ‘घरीच ठेवा’ किंवा ‘संस्थेलाच द्या’ असा सरसकट नियम काढता येत नाही. प्रती अनेक ठिकाणी असल्या की एखादी तगते, एवढेच काढता येते. म्हणून मूळ पोथी कोठेही राहो, तिची पूर्ण छायाचित्रे निदान तीन ठिकाणी असावीत. पुण्याच्या भांडारकर संस्थेवर ५ जानेवारी २००४ रोजी जो हल्ला झाला, त्यात मोठ्या संस्थेतील संग्रहही सुरक्षित नसतो हे आपण पाहिलेच आहे.

मांजरपाट

जतन आणि कायदा या दोन्हींविषयी लिहितो. माझे काम कागदाच्या दुरुस्तीशी संबंधित आहे.

आधी कायदा, कारण व्यापाऱ्याचे उत्तर त्यातच आहे. १९७२ च्या पुरावशेषविषयक केंद्रीय कायद्यानुसार वैज्ञानिक, ऐतिहासिक, वाङ्मयीन किंवा कलात्मक मूल्य असलेले हस्तलिखित ७५ वर्षांहून जुने असेल, तर ते पुरावशेष ठरते. ते घरी बाळगण्यास आडकाठी नाही. मात्र अशा वस्तूंचा व्यापार करणाऱ्याकडे परवाना असावा लागतो आणि खाजगी व्यक्तीला ती देशाबाहेर पाठवता येत नाही. सचित्र हस्तलिखितांची नोंदणीही करावी लागते. आपल्या पहिल्या पत्रावर चित्रे आहेत, तेव्हा पुरातत्त्व खात्याच्या नोंदणी अधिकाऱ्याकडे चौकशी करावी. व्यापाऱ्याला परवाना दाखवायला सांगा. पुष्कळदा संभाषण तेथेच संपते.

परवाना असला तरीही पहिले पत्र वेगळे काढून विकू नये. चित्र कोणत्या ग्रंथाच्या, कोणी केव्हा उतरलेल्या, कोणत्या घरच्या प्रतीचे, हे अखेरचे पत्र सांगते. ती दोन पत्रे एकमेकांपासून तुटली की भिंतीवरची चौकट आणि नाव-गाव नसलेली अपुरी पोथी, एवढेच हाती राहते. त्याच कारणाने रुमालही फोडू नये. महानुभाव वही, ज्ञानेश्वरी आणि छापील हरिविजय एकाच कापडात होती, ही स्वतःच एक नोंद आहे.

आता जतन. जुन्या लेखकांनी पोथीच्या शेवटी लिहून ठेवलेला श्लोक आपल्या प्रतीतही कदाचित असेल :

‘तैलाद्रक्षेज्जलाद्रक्षेद्रक्षेच्छिथिलबन्धनात् ।
मूर्खहस्ते न दातव्यमेवं वदति पुस्तकम् ॥’

यातील तिसरी सूचना, सैल बांधणीपासून जपावे ही, सर्वांत जास्त मोडली जाते. बांधणी सैल राहिली की पत्रे एकमेकांवर सरकतात, कडा मोडतात आणि हवेतील ओल आत शिरते. फळ्या ठेवाव्यात, पोथी घट्ट पण दोरी रुतणार नाही इतपत बांधावी. लाल कापडाचा रंग ओलीने सुटतो आणि कागदावर उतरतो. म्हणून धुऊन खळ काढलेले कोरे मांजरपाट आत गुंडाळावे आणि परंपरा म्हणून लाल रुमाल बाहेरून बांधावा. वेखंड, कडुनिंबाचा पाला, सापाची कात हे जुने उपाय आहेत. वेखंडाची पुरचुंडी पेटीच्या कोपऱ्यात ठेवण्यास हरकत नाही, पण पाला थेट पत्रांत घालू नये, त्याचे डाग कायमचे राहतात. डांबरगोळ्या, फवारे, रॉकेल यांतले काही वापरू नये. फाटलेल्या जागी चिकटपट्टी लावणे आणि प्लॅस्टिकचे लॅमिनेशन करून घेणे, या दोन गोष्टींनी मी वाळवीपेक्षा जास्त पोथ्या गेलेल्या पाहिल्या आहेत. चिकटपट्टीचा गोंद काही वर्षांत तपकिरी होऊन अक्षरांसकट कागद खातो आणि लॅमिनेशन तर मूळ कागदाला इजा न करता काढताच येत नाही.

शाई पाहून ठेवा. काजळी व बाभळीचा डिंक यांची शाई कागदाला त्रास देत नाही, मात्र पाणी लागले की फुटते. म्हणून ओल्या फडक्याने पुसण्याचा विचारही करू नये. हिरडा आणि हिराकस यांची शाई मात्र कालांतराने कागद जाळते, अक्षरांच्या जागी बारीक भोके पडू लागतात. तसे काही दिसल्यास पत्रे उलटणे थांबवून तज्ज्ञाला दाखवा. कसरीने खाल्लेल्या भागातून पडलेला चुरासुद्धा त्या त्या पत्रांकाच्या पाकिटात ठेवावा. आपला हरवलेला ‘९’ त्यात असू शकतो.

छायाचित्रे सावलीतल्या दिवसाच्या उजेडात, फ्लॅश न वापरता घ्यावीत. प्रत्येक पत्राची दोन्ही अंगे, पत्रांक दिसेल अशी, बाजूला मोजपट्टी ठेवून घ्यावीत. कोरी पत्रेही सोडू नयेत. त्यासोबत एका कागदावर पत्रांची लांबी-रुंदी, एका पानावरील ओळी, एकूण पत्रे, गहाळ पत्रांक आणि रुमाल कोणत्या गावच्या कोणत्या घरातून आला, एवढे लिहून ठेवा. घर विकले गेल्यावर शेवटची माहिती कोणालाच सांगता येणार नाही, म्हणून ती आजच लिहा.

संस्थांपैकी पुण्याची भांडारकर संस्था, भारत इतिहास संशोधक मंडळ आणि आनंदाश्रम, धुळ्याचे राजवाडे संशोधन मंडळ व समर्थ वाग्देवता मंदिर, आणि आपल्याला जवळची वाईची प्राज्ञपाठशाळा येथे हस्तलिखिते सांभाळली जातात. पत्राला उत्तर आले नाही म्हणून निराश होऊ नये. मनुष्यबळ सर्वत्र तुटपुंजे आहे. वर सांगितलेली टिपण आणि पाच-सहा छायाचित्रे घेऊन स्वतः गेलात, तर दार लवकर उघडते. देण्याचे ठरले तर दानपत्रात तीन अटी घालून घ्याव्यात : रुमाल एकत्र ठेवला जाईल, सूचीत घराचे नाव येईल आणि पूर्ण छायाचित्रांची एक प्रत आपल्याला मिळेल.

पाठपोट

शके १६९८ निश्चित होत आला, हे वाचून आनंद झाला. एक विनंती राहिली. हस्तलिखित हरिविजयाच्या शेवटच्या पत्राचे वाचनही येथे द्यावे. त्याचे अक्षर ज्ञानेश्वरीच्या अक्षराशी जुळते का, हे विशेषतः ‘झ’, ‘ण’ आणि ‘ल’ यांच्या वळणावरून पाहावे. दोन्ही पोथ्या एकाच हातच्या असतील आणि हरिविजयावरचे लेखकाचे नाव कोणी खरवडले नसेल, तर ज्ञानेश्वरीवरचे नावही सापडले असे समजा.